ईश्वरप्पाची कंबर

ईश्वरप्पाच्या कंबरेवर कोर्टात दावा चालला होता, असं सांगितलं की बाहेरगावचे लोक मला थापाड्या म्हणतात. म्हणू देत.

सोलापुरात सात रस्त्याजवळच्या एका सरकारी कचेरीत हा कारकून. आवाज बारीक, पण अंगानं खांब. संक्रांतीला सिद्धरामेश्वराच्या गड्ड्याच्या जत्रेत नंदीध्वज निघतात. घराच्या वर जाईल एवढी उंच, जड, सजवलेली काठी कंबरेशी तोलून एकट्यानं चालायचं. ईश्वरप्पा वर्षानुवर्षं नुसता सोबत चालला. चौऱ्याहत्तरच्या दिवाळीत काठीचे थोरले मानकरी म्हणाले, "येत्या संक्रांतीला तू धर." आणि त्याच आठवड्यात बदलीचा हुकूम आला. चंद्रपूर!

साहेबांच्या मेहुण्याला सोलापूर हवं होतं म्हणे. मी नाही म्हणत, लोक म्हणत.

"काठी सोडून गेलासा तर मामंजी वरनं शिव्या घालतील," बायको जगदेवी कडाडली. "जावा की कोर्टात!"

वकील गोपाळराव नागपूरकडून नवेच आलेले. म्हणाले, "जत्रेसाठी बदली थांबवा म्हटलं तर न्यायाधीश मलाच हाकलतील. दुखतंबिखतं का काही?"

"कंबर दुखतीया की, खुर्चीत बसून बसून."

"झालं तर!"

अर्जात लिहिलं, 'कंबरेचा तीव्र विकार, लांबचा प्रवास झेपणार नाही.' डॉक्टरचा दाखला जोडला. संक्रांतीनंतरच्या तारखेपर्यंत बदलीला मनाई मिळाली. हा गडी जत्रेत नेमकं करतो काय, हे विचारायचं मात्र वकीलसाहेबांचं राहूनच गेलं.

संक्रांत आली. पांढरी बाराबंदी घालून ईश्वरप्पा काठी तोलत डुलत निघाला. रस्त्याकडेला त्याचे साहेब, बायकोसह, हात जोडून उभे. जोडलेले हात तसेच राहिले, तोंड उघडलं.

"ईश्वरप्पा, कंबर!" साहेब ओरडले.

गर्दीला वाटलं, काय माया आहे साहेबांची! मग सगळेच ओरडू लागले, "ईश्वरप्पा, कंबर सांभाळ रं!" "हर्र बोला हर्र" म्हणत तो पुढे गेला. काठी तसूभर कलली नाही.

कोर्टात सरकारी वकिलांनी गोड आवाजात विचारलं, "कंबर कशी आहे?" गोपाळराव टेबलाखाली काहीतरी शोधू लागले.

"लई झ्याक, साहेब. काठी धरली की दुखत न्हाय, खुर्चीत बसलं की दुखतीया. दावा मागं घेतो. आता कुठंबी धाडा."

न्यायाधीशांनी गोपाळरावांना पोटभर झापलं, मग रुमालाआड हसले. ईश्वरप्पा शेंगाचटणीचा डबा आणि जगदेवीला घेऊन खुशाल चंद्रपूरला गेला.

पुढच्या वर्षी गड्ड्याच्या आधी पंधरा दिवस स्टेशनावर हजर! मी विचारलं, "रजेला कारण काय दिलंस रे?"

"खरं तेच लिवलं की," म्हणाला. "कंबर धरलीया, उपाय सोलापुरातच हाय."