पावणेदोनची संध्याकाळ

सासूबाईंना आता फक्त उजेड आणि अंधार एवढंच कळतं. पश्चिमेच्या व्हरांड्यात अंगावरचं ऊन गेलं की त्या मेणबत्ती लावायला सांगतात, बुद्धमूर्तीपुढे वंदना घेतात, जेवतात आणि रात्रीची गोळी घेऊन झोपतात. घड्याळाचा संबंध नाही.

व्हरांड्यापलीकडच्या प्लॉटवर आठ मजल्यांची परवानगी निघाली, तेव्हा मी हायकोर्टात गेले. वकील म्हणाले, आधी बांधकामावर स्थगिती मागू. मी म्हटलं, थांबा, पुरावा पक्का होऊ द्या. मला यादीशिवाय काम सुचत नाही. वही घातली. प्रत्येक स्लॅबला एक पान, त्यावर ऊन गेल्याची वेळ. तिसऱ्या स्लॅबला पाच. पाचव्याला पावणेचार. वही भरत गेली तशी घरातली संध्याकाळ दुपारकडे सरकत आली. शेवटच्या पानावर पावणेदोन.

"मेणबत्ती लाव वं, दिवस बुडला," त्या म्हणायच्या. रस्त्यावर भाजीवाल्याची हाळी चालू असायची. सुरुवातीला मी वाद घातला. त्या म्हणाल्या, "मले दिसत नाही. तुले तर दिसते ना?"

सुनावणीला बिल्डरच्या वकिलानं एकच कागद दिला. सुधारित नकाशा मंजूर, आधीची परवानगी रद्द. न्यायमूर्ती म्हणाले, जिला आव्हान दिलं ती परवानगीच उरली नाही, मग ठरवायचं काय? वही कुणी उघडली नाही. नवी याचिका करता येईल, वकील जिन्यात म्हणाले, पण उभी इमारत कोण पाडणार? स्थगिती तेव्हाच मागायला हवी होती, हे ते बोलले नाहीत.

घरी पोचले तेव्हा अडीच वाजले होते. सासूबाई वाढून ठेवलेलं जेवून, रात्रीची गोळी घेऊन अंथरुणावर पडल्या होत्या.

"काय म्हटलं कोर्टानं?"

"ती परवानगी आता नाही, आई. रद्द झाली."

"म्हणजे बिल्डिंग गेली?"

समोर आठ मजल्यांच्या रिकाम्या खिडक्या होत्या. तिथं अजून कुणीच राहायला आलेलं नव्हतं.

"हो," मी म्हटलं.

त्या लगेच झोपल्या. त्याच संध्याकाळी साडेसहाला उठल्या, तोंड धुतलं, चहा मागितला. रात्री छान झोप लागली म्हणाल्या. "अजून उजाडलं नाही काहून वं?"

मग सकाळच्या गोळ्यांसाठी हात पुढे केला. माझ्या हातात वारांच्या खणांची डबी होती, आणि कोणता खण उघडायचा ते मला ठरवता येईना.