कुंडाची वरची पायरी

ताईचे डबे बंद झाले, त्याच हिवाळ्यात मी तिला गणेशपुरीच्या गरम पाण्याच्या कुंडावर घेऊन गेले.

ताई माझ्याहून नऊ वर्षांनी मोठी. आई गेली तेव्हा मी पाचवीत होते. ताईचं पुढचं शिक्षण तिथेच थांबलं. माझी वेणी, माझा डबा, वडिलांच्या शिफ्टप्रमाणे त्यांचं जेवण, सगळं तिनेच पाहिलं. तिचं लग्न उशिरा झालं आणि नवराही लवकर गेला. मूल नव्हतं. तेव्हापासून ती आमच्याकडे, भिवंडीच्या नारपोलीत. घरात मी, माझा नवरा, आमची मुलगी आणि ताई. मी एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये नोंदणीच्या खिडकीवर बसते. मी सकाळी निघून जायची आणि घर ताईच्या हातात असायचं. शिवाय ती गल्लीतल्या लूमवर काम करणाऱ्या परगावच्या माणसांना दोन वेळचे डबे द्यायची. तिच्या हातची मसूरडाळ ती माणसं नावाजून खायची.

सोरायसिस तिला आधी कोपरांवर झाला, मग पाठीवर आणि डोक्यात. तोवर चालून गेलं. पण त्या वर्षी तो तळहातांवर उतरला. कातडी जाड झाली, चिरा पडल्या, पापुद्रे सुटायला लागले. एक दिवस डबा न्यायला आलेला एक माणूस दारातच घुटमळला. चांगला माणूस होता, ईदला आठवणीने शेवया आणून द्यायचा.

"दीदी, बुरा मत मानना," तो म्हणाला, "हाथ में ये क्या हो गया है?"

"कुछ नहीं, चमड़ी का है. फैलता नहीं," ताई म्हणाली.

"नहीं नहीं, मैं तो ऐसे ही पूछ रहा था."

पुढच्या आठवड्यापासून त्याचा डबा बंद झाला. मग त्याच्या खोलीतल्या बाकीच्यांचे. दिवाळीनंतर एकही डबा उरला नाही. ताईने मोठी पातेली घासूनपुसून माळ्यावर टाकली आणि वर जुनं चादरीचं कापड पांघरलं.

डॉक्टरांनी मला दोनदा समजावून सांगितलं होतं की हा आजार एकाचा दुसऱ्याला लागत नाही. हे मीच शेजारणींना सांगत फिरायचे. कुणी नाक मुरडलं तर भांडायचे. आणि त्याच वेळी आमच्या घरात ताईचा साबण वेगळा झाला, टॉवेल वेगळ्या खिळ्यावर गेला. कुणी सांगितलं नव्हतं. मी बाजारातून नवा तांब्या आणला, तेव्हा मी काही म्हणायच्या आतच ताई म्हणाली, "हा माझ्यासाठी ठेव. मला वेगळाच बरा." मी तो तिच्या हातात दिला.

कुंडाची कल्पना माझी. लॅबमध्ये येणाऱ्या एका बाईने सांगितलं की तिथल्या गंधकाच्या पाण्याने तिच्या दिराची खरूज गेली. ताईचा विश्वास नव्हता. पण मी रजा काढलीय म्हटल्यावर ती तयार झाली. आम्ही दोघीच अशा कुठे गेलो नव्हतो, बहुतेक माझ्या लग्नापासून. तिने पहाटे उठून भाकऱ्या आणि सुकी बटाट्याची भाजी केली, हातांवर प्लास्टिकच्या पिशव्या बांधून. त्या पिशव्यांची सळसळ मी अंथरुणात पडून ऐकत होते.

मंगळवार होता. भिवंडीच्या स्टँडवरून बस निघाली आणि ट्रेलरांच्या रांगेत अडकली. अंबाडीनंतर रस्ता मोकळा झाला. दोन्ही बाजूंना कापणी झालेली भाताची शेतं, नुसती खुंटं उरलेली. ताई खिडकीशी बसली होती. तिने दोन्ही हात पदराखाली घेतले होते.

"आपण दोघी उतरायचं हं पाण्यात," ती म्हणाली. "मला एकटीला खोल पाण्याची भीती वाटते."

"खोल नसतं गं. कमरेएवढं असतं."

"तरी पण."

"उतरू की. मी मॅक्सी आणलीय माझीपण."

देवळाजवळच्या कुंडांवर माणसं होती. ताईने लांबूनच पाहिलं आणि पाऊल मागे घेतलं. तिथल्या चहावाल्याने सांगितलं, नदीकडे खाली जा, तिथे एक लहान कुंड आहे, मधल्या वारी कुणी नसतं. आम्ही नदीच्या वाटेने खाली गेलो. चारी बाजूंना छातीएवढी दगडी भिंत, वर छप्पर नाही, एका कोपऱ्यात भिंत ढासळलेली. आत हिरवट पाणी आणि त्यावर वाफ. सडलेल्या अंड्यासारखा गंधकाचा वास. पाण्यावर चिंचेची बारीक पानं पडलेली. खरंच कुणी नव्हतं.

"कुणीच नाही गं," ताई म्हणाली. इतकी खूश मी तिला कित्येक महिन्यांत पाहिली नव्हती.

तिने भिंतीआड बिनबाह्यांची, मागे मोठ्या गळ्याची मॅक्सी घातली आणि पायरी पायरीने उतरली. चटका बसला की "आई गं" म्हणायची आणि हसायची. मग आत बसून गळ्याइतकी बुडाली, डोळे मिटून घेतले. ती उतरत असताना तिच्या कोपरांवरचे, पाठीवरचे चट्टे मी इतक्या उजेडात प्रथमच पाहिले. घरात ती कायम लांब बाह्यांच्या ब्लाउजमध्ये असायची.

"ये ना," तिने डोळे न उघडताच म्हटलं.

मी माझी मॅक्सी पिशवीतून काढली. पायातल्या चपला काढल्या. वरच्या पायरीवर पाय ठेवला. तेवढ्यात ताईने हात एकमेकांवर चोळले आणि गरम पाण्याने सैल झालेले पापुद्रे सुटून वर आले. पांढरे, बारीक, चिंचेच्या पानांमधून तरंगत माझ्या पायाच्या दिशेने आले. मी पाय मागे घेतला.

त्याला एक क्षणही लागला नव्हता. मी ठरवून केलं नव्हतं, एवढंच म्हणू शकते. पण त्यानंतर मी पुन्हा पाय पुढे ठेवू शकत होते, आणि ठेवला नाही.

तेवढ्यात भिंतीच्या पडक्या बाजूने एक म्हातारी आत आली. जवळच्याच पाड्यावरची असावी. काटकुळी, डोक्यावर धुण्याचं बोचकं. तिने बोचकं टेकवलं, लुगडं वर खोचलं आणि सरळ पाण्यात उतरली, ताईच्या अगदी शेजारी. ताई दचकून कोपऱ्याकडे सरकली.

"आजी, मला त्वचेचा आजार आहे," ती घाईने म्हणाली. "तुम्ही थांबा, मी निघते मग उतरा."

"बस गो बाय," म्हातारी म्हणाली. "पानी काय तुझ्या एकटीचा हाय का? दाव बघू पाठ. खाज येते नं?"

"येते."

"मंग! हात न्हाय पुरत मागं."

आणि ती ताईची पाठ तळव्याने चोळायला लागली. सावकाश, एखाद्या बाळंतिणीला चोळावं तशी. ताईने मान खाली घातली. तिचे खांदे हलत होते. मी वरच्या पायरीवर मॅक्सी हातात घेऊन उभी.

म्हातारीने माझ्याकडे पाहिलं. "ही कोन? बहीन का?"

"हो, धाकटी," ताई म्हणाली.

"तू गो का न्हाय उतरत? कापडं तं आनलीस."

"मला पाळी आलीय," मी म्हणाले.

"मंग ऱ्हा भायेर," म्हातारी म्हणाली आणि पुन्हा पाठीकडे वळली.

ताईने मान वर केली नाही. आम्ही एका घरात राहत होतो, दोन खोल्यांच्या. कुणाची पाळी कधी, हे एकमेकींना माहीत असायचं. दहा दिवसांपूर्वीच माझं पोट दुखत होतं म्हणून तिनेच मला ओवा-गूळ उकळून दिला होता.

मी मॅक्सी घडी करून पिशवीत ठेवली आणि पायरीवर बसले.

नंतर आम्ही नदीकाठी भाकरी खाल्ली. ताईने मला वाढलं, लोणच्याची पुडी सोडून दिली, पाणी पुरेसं आहे का विचारलं. तिचा चेहरा पाण्याने लाल, मऊ झाला होता. "बरं वाटलं हं," ती म्हणाली. "हलकं वाटतंय." ती रागावली असती तर मला काही बोलता आलं असतं.

परतीच्या बसमध्ये ती झोपली, किंवा तिने डोळे मिटून घेतले. मला आमच्या आत्याची गोष्ट आठवत होती. लहानपणी आत्या तिच्या आईबरोबर गावच्या विहिरीवर जायची, तेव्हा त्या दोघींना रिकामं मडकं घेऊन लांब उभं राहावं लागायचं. कुणाला दया आली तर वरून ओतून मिळायचं. ही गोष्ट मी माझ्या मुलीला कितीदा सांगितली होती, आवाज चढवून. पाणी सगळ्यांचं असतं, हे तिला शाळेच्या भाषणासाठी मीच लिहून दिलं होतं. बसमध्ये मला त्या भाषणातलं एकेक वाक्य आठवलं आणि मान वर करावीशी वाटेना.

तीन-चार दिवस ताईची कातडी मऊ राहिली. मग पुन्हा पूर्वीसारखी झाली, उलट थोडी जास्तच तडकली. मी म्हणायचे, "पुन्हा जाऊ या." ती म्हणायची, "बघू."

उन्हाळा लागता लागता तिने जेवताना सांगितलं की ती आत्याकडे राहायला जाणार आहे. आत्या भिवंडी-वाडा रस्त्यावरच्या एका गावात एकटी असायची, गुडघ्यांनी अधू झाली होती. "तिचं कोण करणार?" ताई म्हणाली. नवरा म्हणाला, "ताई, तुम्हाला इथे काही कमी पडलं का?" तो मनापासून म्हणाला. ताई म्हणाली, "छे हो. तुम्ही असं कसं म्हणता?" मी ताटाकडे बघत राहिले. चार दिवसांनी एक बॅग आणि माळ्यावरची पातेली टेम्पोत चढली. मुलगी रडली. ताईने तिला जवळ घेतलं, पण हात तिच्या पाठीला लागणार नाहीत असे वर धरून.

आम्ही रविवारी फोन करायचो. सणाला मी जायचे. ताई आग्रहाने वाढायची, मुलीच्या अभ्यासाची, माझ्या ड्युटीची चौकशी करायची. पूर्वी ती मला ओरडायची, केस बांध, पाय धू, किती बारीक झालीस. आता ओरडत नव्हती. पाहुण्याशी बोलावं तसं बोलायची. गावात तिला कुणी डबे मागत नव्हतं, पण दोन शेजारणी हक्काने येऊन तिच्या चुलीपाशी बसायच्या.

गेल्या वर्षी आत्या वारली. दिवस झाले, बुद्धवंदना झाली, पाहुणे गेले. मी एक दिवस जास्त राहिले. संध्याकाळी आम्ही दोघी ओट्यावर बसलो होतो. ताई शेंगा सोलत होती. मी कितीतरी वेळ वाक्य जुळवलं आणि मग एकदम बोलून टाकलं.

"ताई, त्या दिवशी कुंडावर मला पाळी आली नव्हती."

तिचे हात थांबले नाहीत.

"माहीत आहे," ती म्हणाली.

"मला घाण वाटली गं. तुझी. मला सगळं माहीत असून वाटली."

तिने हातातली शेंग सोलली. मग म्हणाली, "वाटतं माणसाला. मलाही माझी वाटते कधी कधी." सुपातल्या शेंगांची टरफलं तिने एका बाजूला केली. "पण तू सरळ सांगायचं होतंस. मी सगळ्या वाटेने विचार करत आले, की मी विचारायलाच नको होतं. ये ना म्हणायलाच नको होतं."

मला रडू आलं. तिने मला रडू दिलं. जवळ घेतलं नाही, उठूनही गेली नाही.

नंतर मी म्हणाले, "आता इथे कोण आहे तुझं? चल घरी. माझ्याबरोबर उद्याच चल."

"कोंबड्या कुणावर सोडू?"

"कोंबड्या देऊन टाक कुणाला तरी."

"अंड्यावर बसलीय एक," ताई म्हणाली.

तिच्याकडे चारच कोंबड्या होत्या. तिने सूप उचललं, आत जाऊन दिवा लावला आणि मला विचारलं की भातावर डाळ चालेल की कालवण करू. मी म्हणाले, डाळच कर. सकाळच्या पहिल्या एसटीने मी भिवंडीला परत आले, तिने बांधून दिलेल्या शेंगा पिशवीत घेऊन, एकटीच.