बारशाआधी घेतलेलं नाव

नातवंडांनो, बो या नावाचा अर्थ तुमच्या बाबांना विचारलात तर ते एका वाक्यात सांगतील, आणि ते वाक्य बरोबरच असेल. पण ते नाव ठेवताना आमचे जे दिवस गेले ते त्या वाक्यात येत नाहीत, म्हणून मी हे लिहिते आहे. तुम्हाला मराठी कळतं पण वाचायला जड जातं, तेव्हा तुमची आई वाचून दाखवेल. मध्येच ती थांबली तर थांबू द्या.

पहिलं बाळंतपण माहेरी करायची आपल्याकडे रीत आहे. तुमच्या आईला नोकरीमुळे पुण्याला येता येत नव्हतं, म्हणून माहेरच जर्मनीत, डार्मश्टाटला गेलं. ऑक्टोबरात मी पोचले. बॅगेत डिंक, खारीक, अळीव, बाळंतशेपा, प्रत्येकाच्या पिशवीवर नाव आणि तारीख, आणि माझ्या जुन्या सुती साड्यांची शिवलेली दुपटी. ती दुपटी पाहून तुमची आई म्हणाली, "आई, ही बॅगेतच ठेव. बाहेर काढू नकोस."

घरात बाळाची एकही वस्तू नव्हती. पाळणा नाही, टोपडं नाही, लंगोट नाही. कारण मला माहीत होतं. तुमच्या आधी एक बाळ होतं, ते सातव्या महिन्यात पोटातच गेलं. तुम्हाला आईने हे सांगितलेलं आहे. त्या वेळी मुलगी आहे हे त्यांना आधीच समजलं होतं. नाव ठरलं होतं, खोलीची भिंत पिवळी रंगवली होती, दोन्हीकडच्या नातेवाइकांना कळवून झालं होतं. नंतर कितीतरी महिने त्या नावाने पत्रं, भेटी येत राहिल्या. या खेपेला तुमच्या आईने डॉक्टरांना सांगून टाकलं, मुलगा की मुलगी ते आम्हाला सांगू नका. आणि नावाचा विषय बारशापर्यंत काढायचा नाही. हा नियम तिचा होता. मी त्याला फक्त बारशाचा आधार दिला. बाराव्या दिवसापर्यंत मूल नुसतं बाळ असतं, त्याला कुणी नावाने हाक मारत नाही, आणि मला ते नेहमीच शहाणपणाचं वाटत आलं आहे.

तुमच्या बाबांनी मात्र नाव ठरवलेलं होतं. डेन्मार्कची माणसं गप्प असतात, पण एकदा ठरलं की ठरलं. एका रविवारी जेवताना, तुमची आई झोपली असताना, त्यांनी मला हळूच सांगितलं, "आई, मुलगा असो, मुलगी असो, बो."

आम्ही इंग्रजीत बोलत असू. मी विचारलं, "म्हणजे काय?"

"राहणारा. राहणारी. घर करून असणारं माणूस." मग त्यांनी समजावून दिलं की डॅनिशमध्ये 'मी डार्मश्टाटला राहतो' म्हणताना हेच क्रियापद वापरतात. पूर्वी हे पुरुषांचं नाव होतं, त्यांच्या गावात त्या नावाचे बरेच म्हातारे होते. हल्ली क्वचित मुलींनाही ठेवतात. "मागच्या वेळी आम्ही नाव आधी ठेवलं आणि मग वाट पाहत बसलो," ते म्हणाले. "या वेळी मला असं नाव हवंय की ज्याला कशाचीच वाट पाहावी लागणार नाही. जे कोण येईल त्याला ते होईल."

आपल्याकडे लहान मूल मेलं असं म्हणत नाहीत, राहिलं नाही म्हणतात. तुमच्या पणजोबांचं नाव धोंड्यावरून ठेवलेलं होतं, कारण त्यांच्या आधीची भावंडं राहिली नव्हती. दगड कोण उचलून नेणार, असा त्या आईबापांचा हिशेब. इथे तुमचे बाबा नेमकं उलट करत होते. ज्याची भीती वाटते तेच मोठ्याने मागत होते. मला त्या नावाचा अर्थ आवडला आणि म्हणूनच ते उच्चारायची धास्ती वाटली.

फोन कार्डावरून तुमच्या आजोबांना सांगितलं तर ते म्हणाले, "बो? बाकीचं नाव विमानतळावर जप्त झालं काय?"

"अहो, थट्टा नको. अर्थ चांगला आहे."

"असेल. पण हाक मारायला तोंड उघडेस्तोवर नाव संपतंय. शेजारच्या गल्लीतून पोराला बोलवायचं कसं?"

मी तुमच्या आईचं कार्ड घेऊन विद्यापीठाच्या ग्रंथालयात गेले. नाव कुठून आलं हे समजलं की भीती जरा आवाक्यात येते, असा माझा स्वभाव. जाड शब्दकोशात सापडलं. बो हे जुन्या नॉर्स भाषेतल्या 'बुआ' या क्रियापदावरून आलेलं, म्हणजे राहणे, वस्ती करणे, जमीन कसणे. जर्मनांचा शेतकरी, बाउअर, त्याच घराण्यातला. इंग्रजीतल्या नेबरचा शेवटचा तुकडाही तिथलाच. आणि त्या सगळ्यांच्या मागे जे मूळ दिलं होतं ते पाहून मी चष्मा पुसला. आपला भू धातू. भवति, भवतः, भवन्ति. शाळेत छडीच्या धाकाने पाठ केलेलं. असणे, होणे, वाढणे. एवढं समजून मी ट्रामने घरी आले, पण भीती होती तिथेच होती.

बाळ डिसेंबरात येणार होतं. ते नोव्हेंबरच्या सुरुवातीलाच आलं.

मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा काचेच्या पेटीत ते पालथं झोपलेलं होतं, नाकात नळी, पायाला वायर, आणि डोक्यावर कुणीतरी विणलेली हिरवी टोपी. त्याची पाठ माझ्या तळहाताएवढी होती. पेटीला अडकवायच्या कार्डावर अस्वलाचं चित्र होतं. नर्सने पेन काढून विचारलं, "नाव?"

तुमची आई चाकाच्या खुर्चीत बसली होती. तिने मान हलवली. "अजून नाही."

नर्सने आडनाव लिहिलं आणि पुढे 'बेबी'. त्या खोलीतल्या बाकीच्या सगळ्या पेट्यांवर रंगीत अक्षरांत नावं होती. तुमचे बाबा रोज येऊन आधी त्या कार्डाकडे बघत, मग बाळाकडे.

त्यांचं आणि माझं भांडण असं झालं नाही. हॉस्पिटलच्या पॅसेजमध्ये कॉफीचं मशीन होतं, तिथे उभं राहून ते म्हणाले, "आई, माझी आजी खेड्यात सुईण होती. मूल अशक्त असलं की पहिल्यांदा त्याला नाव द्यायचे. पाद्री नसला तर घरातल्या घरात. दूध नंतर."

"का?"

"ज्याला नाव नाही त्याला थांब म्हणून सांगायचं कसं?"

"आमच्यात म्हणतात, नाव घेतलं की नको त्याचंही लक्ष जातं."

"तुमचा विश्वास आहे यावर? तुम्ही इतक्या शिकलेल्या."

"तुमचा आहे का पाद्र्यावर?"

ते कसंनुसं हसले. "नाही."

दोघांचाही विश्वास नव्हता, आणि दोघांनाही जमत नव्हतं. त्यांनी कॉफीचा कप माझ्या हातात दिला आणि आम्ही पुन्हा आत गेलो.

त्यातच हॉस्पिटलमधली जन्मनोंदणीची बाई आली. नाव कळवायला अजून अवधी आहे म्हणाली, पण तुमच्या बाबांनी विचारलेलं बो हे एकटं नाव चालायचं नाही, सोबत दुसरं हवं. "नावावरून मुलगा की मुलगी ते कळलं पाहिजे."

"कुणाला?" तुमच्या बाबांनी विचारलं.

"आम्टला." आम्ट म्हणजे सरकारी कचेरी.

"आम्ट याचे लंगोट बदलणार आहे का?"

"गेनाऊ," ती बाई शांतपणे म्हणाली, म्हणजे अगदी बरोबर, आणि दुसऱ्या नावासाठीची जागा बोटाने दाखवली. पुढे ते दुसरं नाव ठेवलं. ते पासपोर्टवर आहे आणि त्याचा कुणी वापर करत नाही.

बारसं अजून बरंच लांब होतं तेव्हा बाळाला जंतुसंसर्ग झाला. श्वास घेता घेता ते मध्येच थांबायचं. घंटा वाजायची, नर्स येऊन पायाला चोळायची, की पुन्हा सुरू. डॉक्टरीणबाई सरळ बोलणाऱ्या होत्या. औषध चालू केलंय, लागू पडतंय का ते बघायचं, एवढंच म्हणाल्या. त्याच दिवशी तुमच्या आईला ताप भरला आणि तिला बाळाच्या खोलीत जायची बंदी झाली. वरच्या मजल्यावर ती भिंतीकडे तोंड करून पडून होती.

"आई," ती म्हणाली, "याला असंच जाऊ द्यायचं का? बेबी म्हणून?"

मी तिच्या कपाळावरची घडी बदलली.

"माझं डोकं चालत नाही. तू सांग. तू घे म्हणालीस तर तुझ्या जावयाने ठरवलेलं नाव घेऊ दे त्याला. तू नको म्हणालीस तर नको."

अशा वेळी आईने काय सांगावं हे कुठल्या पुस्तकात असतं तर मी वाचून ठेवलं असतं. घे म्हणाले आणि बाळ राहिलं नाही, तर तिच्याकडे हाक मारायला पुन्हा एक रिकामं नाव उरलं असतं. नको म्हणाले आणि राहिलं नाही, तर तेही उरलं नसतं. मी खिडकीशी जाऊन उभी राहिले. खाली लोक ट्रामला धावत होते. पुष्कळ वेळाने मला एवढंच कळलं की तुमची आई त्या पहिल्या बाळाबद्दल बोलते तेव्हा त्याच्या नावानेच बोलते. ते नाव तिला नकोसं झालेलं नव्हतं.

"घेऊ या," मी म्हणाले. "पण रीतसर."

रीतसर म्हणजे नाव आत्याने ठेवायचं. बाळाच्या कानात कुर्र करून सांगायचं, आणि त्या वेळी बाकीच्यांनी आत्याच्या पाठीत बुक्के मारायचे. तुमची आत्या होती डेन्मार्कात, आऱ्हुसला. खालच्या टेलिफोनवरून मी तिला गाठलं आणि सगळं सांगितलं.

"हा मान तुझा आहे," मी म्हणाले. "तू हो म्हणालीस तर तुझ्या वतीने मी घेते."

ती रडत होती, पण व्यवस्थित माणूस, तिने नाक शिंकरून विचारलं, "फोन कानाशी धरता येणार नाही?"

"आत फोन चालत नाही."

"बरं. मग मी इथे काय करू?"

"कुणालातरी पाठीत बुक्के मारायला सांग."

"नवरा ऑफिसात आहे."

"शेजारीण?"

"तिला काय सांगू?"

"खरं ते सांग."

कोपरापर्यंत हात धुऊन, वरून पिवळा झगा चढवून मी आणि तुमचे बाबा आत गेलो. नर्सला त्यांनी काय सांगितलं कोण जाणे, तिने पेटीची बाजूची गोल खिडकी उघडून दिली आणि हळू बोला म्हणाली. मी वाकले. बाळाचा कान सुक्या जर्दाळूएवढा होता. मी कुर्र केलं आणि नाव घेतलं. तेवढ्यात माझ्या पाठीत बुक्का बसला. तुमचे बाबा इतक्या गंभीर चेहऱ्याने मारत होते की नर्स त्यांना थांबवायला पुढे सरकली.

आणि घंटा वाजली.

पडद्यावरचा आकडा उतरत चालला होता. माझा हात खिडकीतच राहिला. नर्सने मला बाजूला केलं नाही, माझ्या हाताच्या शेजारून आपला हात घालून पायाला चोळलं. आकडा उतरला, आणखी उतरला, थांबला, मग चढू लागला. "दचकलं की असं करतं," ती म्हणाली. तुमचे बाबा पांढरेफटक पडले होते. ते म्हणाले, "आई, पुरे."

मी पुन्हा वाकले. या खेपेला कुर्र केलं नाही. नुसतं नाव घेतलं, आपण शेजारी बसलेल्या माणसाशी बोलतो तशा आवाजात. ते दचकलं नाही.

वर गेल्यावर तुमच्या आईने विचारलं, "काय झालं?"

तिच्यापासून लपवायचं नाही हे मी जिना चढतानाच ठरवलं होतं. "नाव घेतलं आणि घंटा वाजली. श्वास थांबला होता. आला परत."

तिने डोळे मिटले. "मग?"

"मग पुन्हा घेतलं."

"आणि?"

"काही नाही. झोपलंय."

मग ती उठून बसली आणि उशाजवळचा फोन उचलला. त्या फोनवरून खालच्या खोलीत नर्सशी बोलता येत असे आणि ती दिवसभर विचारत असे, माझं बाळ कसं आहे. तिने आकडे दाबले. पलीकडे कुणीतरी उचललं. तुमच्या आईने जर्मनमध्ये विचारलं, "बो कसा आहे?" असं मी इथे लिहिलं खरं, पण जर्मनमध्ये तिने कसा म्हटलं नाही की कशी म्हटलं नाही, नुसतं नाव घेतलं.

पलीकडून उत्तर यायला वेळ लागत होता. मी पलंगाची कड धरून तिच्या तोंडाकडे बघत उभी होते.

"दूध पचवलंय," ती मला म्हणाली, फोनवर हात ठेवून. "नळीने दिलेलं. उलटी नाही." आणि मग पुन्हा फोन कानाला लावून तिने पुढचा प्रश्न विचारला.