माघारी न धाडलेले देव

माझ्या हातात दिवटी पेटलेली होती, अन् नवरदेवाच्या चुलत्यानं तिच्यावर पाण्याची बाटली ओतली. चर्र झालं. काळं पाणी माझ्या साडीवर.

"एसीच्या हॉलमदी धूर करताय का? फोटो निघाले. बास आता. डीजेवाला थांबलाय."

माझ्या बापाचा संबळ तिथंच थांबला. आम्ही गोंधळी. लग्न झालं की त्या घरासाठी देवीचा गोंधळ घालायचा. गावोगावचे देव नाव घेऊन बोलवायचे अन् शेवटी एकेकाला नाव घेऊनच माघारी धाडायचं. तवर दिवटी विझू द्यायची न्हाई. मला भाऊ न्हाई, म्हणून दिवटी माझ्याकडं. टेंभुर्णीच्या त्या मंगल कार्यालयात देव बोलवून झाल्ते. धाडायचं राह्यल्तं.

बापाचे ओठ पांढरे पडले. "गप चल, बाई," म्हणला. बाहेर आला अन् पायरीवर बसला. "आजपासनं बंद. संबळ देऊन टाकतो कुणाला."

मला देवीची भीती वाटत होती, चुलत्याचीबी. पण खरी भीती वेगळीच होती. धाडायचं गाणं मला येत नव्हतं. मास्तरीण व्हायच्या नादात शिकायचं राहून गेल्तं. लिहिलेलं कुठंच न्हाई, बापाच्या तोंडात तेवढं. बाप बंद झाला म्हणजे सगळंच गेलं.

मी दिवटीची चिंधी पिळली. बुधलीतलं तेल ओतलं. चिंधी ओली, दोन काड्या वाया गेल्या. तिसरीला पेटली.

चुलता धावत आला. "पुन्हा?"

"तुमच्या घरासाठी देव बोलावलेत," मी म्हणलं. "तसेच ठेवून जाऊ का?"

त्याचं तोंड उतरलं. डीजेवाल्याला त्यानं हातानंच थांबवलं. हाबी भितो, हे मला तवा पहिल्यांदा दिसलं.

बापानं पायरीवर बसूनच देव धाडले. आवाज फाटला त्याचा. मी मागून सूर ओढत होते अन् निम्मे शब्द चुकत होते. लाज वाटली.

आता रोज शाळेत शिकवायला जायच्या आधी बापासमोर बसते. निम्मं पाठ झालंय. तो खोकला की मी पुढची ओळ लगेच विचारून घेते. लोकांचे फोन येतात, "ताई, पाच मिनिटाचंच करा."

भीती आजबी वाटते. वाटू दे. मी सांगते, शेवटच्या देवापर्यंत बसणार असाल तर बोलवा. अर्धा गोंधळ मी घालणार न्हाई.