अकरा दिवस बंद खिडकी

आमच्या वडिलांना दुसऱ्यांच्या घरच्या खिडक्या उघडायची खोड होती. कुणाकडे चहाला गेले की आधी खिडकीपाशी जायचे, कडी काढायचे आणि मग बसायचे. घरची माणसं एकमेकांच्या तोंडाकडे बघायची, मी जमिनीकडे. सुरतेतल्या नवागामच्या आमच्या गल्लीत खोलीला खोली चिकटलेली. खिडकी उघडली की समोरच्याची मोरी दिसायची. ती बघून या माणसाला काय मिळतं, असं मला वाटायचं आणि भयंकर राग यायचा.

ही खोड त्यांना सॅनेटोरियममध्ये लागली. मी आठ-नऊ वर्षांची असताना कापडाच्या लूमवर उभे असतानाच त्यांच्या थुंकीत रक्त आलं. टीबीवर गोळ्या तेव्हा आलेल्या होत्या, सॅनेटोरियमचे दिवस भरत आले होते. पण आमच्या खान्देशातल्या गावच्या म्हाताऱ्या डॉक्टरांचा गोळ्यांइतकाच वाऱ्यावर विश्वास होता. त्यांनी चिठ्ठी दिली आणि वडील दहा महिने एका माळावरच्या दवाखान्यात जाऊन राहिले. आईने गल्लीत सांगून टाकलं, हजिऱ्याला कंपनीचं काम लागलंय, तिकडेच राहतात. मलाही तेच पाठ करायला लावलं होतं. शाळेत कुणी विचारलं तर मी हजिऱ्याच्या कंपनीचं असं रंगवून वर्णन करायचे की पुढेपुढे मलाच ते खरं वाटायला लागलं.

तिथे काय होतं ते वडिलांनी बऱ्याच वर्षांनी सांगितलं, तेही तुकड्या-तुकड्यांनी. लांबलचक ओसरी, तिला तीनच भिंती. चौथी बाजू उघडी, थंडीतसुद्धा. अंगावर दोन घोंगड्या, उशाशी थुंकायला झाकणाची डबी. दुपारी घंटा झाली की दोन तास बोलायचं नाही, वाचायचं नाही, शक्यतो कूससुद्धा बदलायची नाही. बारा-बारा तास खटखटाटात उभं राहणाऱ्या माणसाला म्हणे पडून राहा! शेजारच्या खाटेवरचा एक जण त्या दोन तासांत रोज रडायचा, पण आवाज करायला बंदी म्हणून तोंडात चादर कोंबून. मधूनच एखाद्याचं डोकं फिरायचं आणि त्याला दुसरीकडे हलवायचे. पुढे टीबीचे पेशंट कमी झाले तेव्हा त्याच ओसऱ्यांमध्ये मनोरुग्ण आणून ठेवले आणि जिथे भिंत नव्हती तिथे गज लावले. हे कळलं तेव्हा आई वडिलांना म्हणाली होती, "आता जा परत. खाट तुमच्या ओळखीचीच आहे."

कारण परत आल्यावर त्यांनी पहिलं काम काय केलं, तर आमच्या खोलीच्या खिडकीच्या झडपा बिजागरीसकट काढून ठेवल्या. आईने तिथे गोणपाट टांगलं. खोकला बाहेर ऐकू गेला तर हजिरा उघडा पडेल, ही तिची धास्ती. ते गोणपाट काढायचे, ती लावायची. मला बघायला पाहुणे आले त्या दिवशीही ते बोलता बोलता उठले आणि खिडकीवरचं गोणपाट ओढून काढलं. मुलाच्या मामाने विचारलं, "यांना घाबरल्यासारखं होतं का?" आई पटकन म्हणाली, "नाही नाही, हजिऱ्याला समुद्राचा वारा खायची सवय लागलीय." ते स्थळ गेलं ते गेलंच. त्या रात्री मी वडिलांना तोंडावर वेडा म्हणाले. आता ते नाहीत, टीबीने नाही, म्हातारपणाने गेले. पण त्या शब्दाची लाज मला अजून वाटते.

हे सगळं आता उकरून काढायचं कारण माझं घर. दिंडोलीकडे माझी दोन खोल्यांची जागा आहे. नवरा कामरेजला एका कारखान्यात वॉचमन, रविवारी येतो. पुढच्या खोलीत मी साड्यांचं काम चालवते. शेठकडून साड्यांची पोटलं येतात आणि आम्ही चौघी मिळून त्यांवर गमने टिक्की चिकटवतो. टिक्की म्हणजे चमकीचा इवलासा, फुंकरीने उडेल इतका हलका तुकडा. त्यामुळे काम सुरू झालं की पंखा बंद, खिडकी बंद, दार लोटलेलं. मे महिन्यातसुद्धा. सुरतेत टिक्की लावणारी कोणतीही बाई असंच बसते, त्यात कुणाला काही वावगं वाटत नाही. घामाने पाठ भिजते, गमच्या वासाने डोकं धरतं, आणि तरी एखादीने पदराने वारा घेतला की मीच ओरडते.

आमच्यात सगळ्यात लहान एक खान्देशी पोर आहे, चोवीस-पंचवीसची. तिचं सहा महिन्यांचं बाळ त्याच खोलीत झोळीत झोपतं. पायाच्या अंगठ्याला झोळीची दोरी बांधायची, दोरी ओढत राहायची आणि हाताने टिक्की लावायची, इतकी चलाख.

मला खोकला धरला. दोन आठवडे मी तो गमवर ढकलला. मग वजन उतरलं, संध्याकाळी अंग तापायला लागलं, तेव्हा गेले. थुंकी तपासली, छातीचा फोटो काढला. टीबी. डॉक्टरीण बाईंनी शांतपणे सांगितलं की सहा महिने गोळ्या, घरीच राहायचं, कुठे पाठवायचं काम नाही. ताटवाटी वेगळी करायचीही गरज नाही, हा आजार हवेतून पसरतो. मग विचारलं, "दिवसभर तुमच्याबरोबर बंद खोलीत कोण कोण असतं? त्या सगळ्यांची तपासणी करायला हवी. लहान मूल असेल तर आधी."

मी म्हणाले, "कुणी नाही. नवरा रविवारी येतो."

हे वाक्य माझ्या तोंडून आईसारखंच आलं, सहज, पाठ केल्यासारखं. लग्नसराईचं काम अंगावर होतं. शेठला कळलं असतं तर पोटलं दुसरीकडे गेली असती, आणि गल्लीला कळण्याची धास्ती मी लहानपणी आईच्या तोंडावर पाहिलेलीच होती.

तिथून अकरा दिवस. रोज सकाळी ठरवायचे, आज सांगायचं. त्या तिघी यायच्या, चपला काढायच्या, खिडकी लावायच्या, आणि मी साडी पुढ्यात ओढायचे. मी नाकातोंडावर पदर बांधला आणि गमचा वास सहन होत नाही म्हणाले. कारण नसताना उठायचे, आतल्या खोलीत जायचे, पाणी प्यायचे, परत यायचे, पुन्हा उठायचे. झोळी माझ्यापासून लांब बांधायला सांगितली. तिने विचारलं, का? मी म्हणाले, दोरी पायात येते. खोलीत झोळी लांब म्हणजे किती लांब जाणार? फार तर चार हात. एकदा न राहवून खिडकी उघडलीच. वाऱ्याने डबीतल्या टिक्क्या उधळल्या. आमच्यातली जालन्याकडची बाई चिडली, "मावशी, काय करायलात? सगळं उधळलं की!" आणि उठून तिने कडी लावली.

बाराव्या दिवशी बाळ खोकलं. साधंच, दुधाचा ठसका लागल्यासारखं. पण माझ्या हातातली साडी खाली पडली. मी पंखा लावला, खिडकी उघडली, दार उघडलं. टिक्क्या घरभर झाल्या. तिघी ओरडायला लागल्या तशी मीही ओरडले, "मला टीबी झालाय! अकरा दिवस मला माहीत होतं. आधी बाळाला घेऊन दवाखान्यात जा!"

जालन्याकडची बाई चपला घालून निघाली. दुसरीने मला नको ते सगळं ऐकवलं आणि ते मी ऐकून घेतलं. त्या पोरीने फक्त झोळीची दोरी सोडली, बाळ उचललं आणि गेली.

तीन दिवस मी घरात नुसत्या येरझारा घातल्या. दुपारी पडून राहा म्हणून सांगितलं होतं, पण पाठ टेकत नव्हती. चौथ्या दिवशी गोळ्यांचा गुण आला की नाही न बघता तोंडाला रुमाल बांधून त्या पोरीच्या खोलीवर गेले. आत गेल्या गेल्या माझा हात खिडकीकडे गेला. कडी काढली, झडपा ढकलल्या आणि मग बसले. तिने माझ्याकडे तसंच पाहिलं, लोक वडिलांकडे पाहायचे तसं.

बाळाला आजार नव्हता, फक्त होऊ नये म्हणून औषध सुरू केलं होतं. तिला मात्र निघाला होता. मी हात जोडले. म्हटलं, माझ्यामुळे झालं गं, मला शिव्या दे.

तिने बाळाला मांडीवर घेतलं. "तुमनामुळे नही, मावशी. माले दिवाळीपासून खोकला शे. तुमना तं आते सुरू झाया. मीच सांगं नही."

"का नाही सांगितलंस?"

"माले वाटनं, तुम्ही काम काढी लेशात."

गेल्या वर्षी एका बाईला खोकला झाला होता. साडीवर थुंकी उडेल म्हणून मी तिला घरी पाठवलं आणि परत बोलावलंच नाही. ही तेव्हा तिच्या शेजारी बसायची.