अंगठ्याखालची वायर

हॅलोमामाचं खरं नाव दुकानाच्या पाटीवर होतं, पण पाटी वाचायचे कष्ट कुणी घेत नसे. माणूस लाउडस्पीकर भाड्याने देतो, सभेआधी माईकपुढे उभा राहून घसा सुकेपर्यंत 'हॅलो, हॅलो' करतो आणि सभा सुरू झाली की गप्प बसतो. त्याला दुसरं काय नाव पडणार?

गप्प बसे तो फक्त सभेत. एरवी त्याच्या तोंडाचा पट्टा सुरूच. रद्दीवाल्याकडून वजनावर घेतलेली जाडजाड पुस्तकं त्याने वाचली होती. त्यातलं एक होतं स्वातंत्र्यावरचं. त्याची सुरुवातीची पानं आणि शेवटचा अर्धा भाग उंदरांनी आधीच वाचून संपवला होता. त्यामुळे स्वातंत्र्य कुठून सुरू होतं आणि कुठे संपतं हे मामाला माहीत नव्हतं. मधलं मात्र तोंडपाठ.

"माणूस स्वतंत्र आहे की नाही, याची एकच खूण," तो वायर गुंडाळता गुंडाळता गिऱ्हाइकाला ऐकवी. "त्याला बोलता बोलता गप्प कोण करू शकतं, ते बघायचं. कुणी करू शकत नसेल तर तो स्वतंत्र. बाकी सगळी झेंड्यांची दुकानं."

आणि हे बोलणाऱ्याच्या पायाखाली काय होतं? वायर. आवाज वाढवणाऱ्या मशीनमागे, काळी टेप गुंडाळलेला एक ढिला जोड. मामा शेजारी स्टुलावर अनवाणी बसे. वक्ता लांबला, की उजव्या पायाचा अंगठा त्या जोडावर टेकवायचा. माईक मरायचा. वक्ता माईकवर टिचक्या मारायचा, फुंकर घालायचा. मामा गंभीर चेहऱ्याने उठायचा, मान हलवायचा आणि म्हणायचा, "लाईन गेली, साहेब." भले भले पुढारी त्या अंगठ्याने खाली बसवले होते. सत्तेतले तसेच विरोधातले. अंगठा नि:पक्षपाती होता. "लोकांच्या कानांनाही स्वातंत्र्य असतं," असं मामाचं म्हणणं. ही गोष्ट ठाऊक होती फक्त मामीला.

घरातही मामाने स्वातंत्र्य जाहीर करून टाकलं होतं. "या घरात कुणावर कसली जबरदस्ती नाही," असं तो मामीला सांगे आणि लगेच चहा अजून का झाला नाही ते विचारी. मामीने तोंड उघडलं की म्हणे, "थांब, तुला काय म्हणायचंय ते मी सांगतो."

मामी मोज्यांच्या कारखान्यात होती. मशीनमधून पडणाऱ्या ढिगातून मोजे उचलून जोड्या लावायच्या. कामाचं तिला काही नव्हतं. त्रास होता तो शटरचा. बायका आत गेल्या की मालक शटर खाली ओढायला लावी आणि बाहेरून कडी-कुलूप. का, तर बायका मोजे पळवतील. तोंडाने म्हणे, "तुमच्याच सुरक्षेसाठी."

मागच्या आठवड्यात एका मशीनच्या मोटारीतून धूर निघाला. बायकांनी शटर बडवलं. वॉचमन किल्ली खिशात घालून न्हाव्याकडे गेला होता. ऑफिसातला पोऱ्या बोलवायला गेला, तर त्याला म्हणाला, "अर्धी दाढी टाकून कसा येऊ?" दैव बलवत्तर, धूर आपोआप विरला. पण तोवर मामी शटरखालच्या फटीला नाक लावून पडली होती. त्या फटीतून तिला जगाचे फक्त पाय दिसत होते, आणि एकही पाय थांबत नव्हता.

तेव्हाच तिने ठरवलं. ही कडी निघाली पाहिजे.

संधी चालून आली. कारखान्याचा वाढदिवस, अंगणात सभा, लाउडस्पीकर मामाचा. बायकांपैकी एकीने मालकांचे आभार मानावेत असं मालकांनीच सुचवलं. बायकांनी मामीला उभं केलं. आभाराच्या जागी ती कडीचं बोलणार, हे सगळ्यांना ठाऊक होतं. मालक सोडून.

मामाला कोण आनंद. त्याने चार पानी भाषण लिहून दिलं. मामीने ते उलटसुलट करून पाहिलं.

"अहो, यात कडी कुठंय?"

"चौथ्या पानावर. आधी पाया घालावा लागतो."

"चौथ्या पानापर्यंत मालक जेवून हात धुवून येईल."

"हे बघ, काय बोलायचं त्याचं तुला पूर्ण स्वातंत्र्य आहे. फक्त मुद्दे माझे घे."

"मग माझं काय राहिलं त्यात?"

"आवाज," मामा म्हणाला.

मामीने चारही पानांची घडी घातली आणि डुगडुगणाऱ्या टेबलाच्या पायाखाली सरकवली. "घ्या," ती म्हणाली, "घातला पाया."

सभेच्या दिवशी अध्यक्ष होते शाळेचे निवृत्त हेडमास्तर. त्यांनी अनवाणी फिरणाऱ्या आदिमानवापासून सुरुवात केली. मोज्यांपर्यंत यायला हजारो वर्षं होती. मामाने अंगठा टेकवला. "लाईन गेली, सर." लोकांनी सुटकेच्या टाळ्या वाजवल्या, हेडमास्तरांना त्या कौतुकाच्या वाटल्या.

मालक मात्र थोडक्यात बोलला. "आपण एक कुटुंब आहोत. घराचं दार आपण बंद करतो ते मायेपोटी. आत तुम्हाला सगळी मोकळीक आहे." मामाचा अंगठा शिवशिवला, पण त्याने आवरला. पुढे मामी होती. आज माईकला काही होता कामा नये. ती उभी राहिली तेव्हा त्याने आवाजाचं बटणही वाढवलं.

"आभार नंतर," मामी म्हणाली. "आधी कडीचं. धूर झाला त्या दिवशी आम्ही आत कोंडलेल्या होतो. आम्हाला बाहेरून कडी नको."

मामाची छाती फुगली.

"मालक म्हणतात, आत मोकळीक आहे. असं बोलणारं माणूस मला नवीन नाही. आमच्या घरीही एक आहेत. स्वातंत्र्यावर सुरू झाले की मला एक शब्द..."

आणि माईक मेला.

मामाने मशीनकडे पाहिलं. दिवा तर जळत होता. मग त्याने खाली पाहिलं. अंगठा जोडावर होता.

शपथेवर सांगायचं तर त्याने ठरवून केलं नव्हतं. अंगठ्याची इतक्या वर्षांची सवय. पण हेच तर सगळे म्हणतात! मालक म्हणतो, कडीची सवय आहे हो. वॉचमन म्हणतो, किल्ली खिशात टाकायची सवय आहे हो. वाईट हेतू कुणाचाच नसतो, आणि धूर आतल्यांच्या नाकात जातो.

मालक चपळाईने उठला. "लाईन गेली वाटतं. असू दे ताई, आभार पोचले."

मामीने माईकवर टिचकी मारली नाही की फुंकर घातली नाही. तिने सरळ मामाच्या पायाकडे पाहिलं. मशीनच्या खडखडाटावर चढवून चढवून तयार झालेला तिचा आवाज. त्याला कुठला माईक लागतोय!

"अहो," ती म्हणाली, "अंगठा काढा."

सगळं अंगण अंगठ्याकडे बघायला लागलं. आधी हेडमास्तरांच्या डोक्यात प्रकाश पडला. "म्हणजे मघाशी माझी लाईनसुद्धा?"

मामाचे कान तापले. अजूनही 'वायर जळली' म्हणता आलं असतं. धंदा वाचला असता, अब्रू वाचली असती, मामी खाली बसली असती आणि कडी जिथल्या तिथे राहिली असती. गप्प कोण करू शकतं ते बघायचं, असं जन्मभर सांगत आला होता. आता सगळं अंगण तेच बघत होतं.

त्याने पाय उचलला. नुसता उचलला नाही. सगळ्यांना दिसेल असा वर धरला.

कर्णे किंचाळले आणि मामीचा आवाज गल्ली ओलांडून पलीकडच्या रस्त्यापर्यंत गेला. "तर मी म्हणत होते, कडी बाहेरूनच लावायची असेल तर आधी मालक एक दिवस आत बसू देत. किल्ली वॉचमनकडेच राहील. त्याची दाढी आज वाढलेलीच आहे."

अंगणात हशा उसळला. गच्च्यांवर, खिडक्यांत लोक गोळा झाले. मामीने माईक मालकाच्या तोंडापुढे धरला. एवढ्या मोठ्या आवाजात 'नाही' म्हणायला छाती लागते. "उद्यापासून कडी आतून," मालक म्हणाला, आणि ते सगळ्या वस्तीने ऐकलं.

कडी आतून बसली. मामाचं मात्र अवघड झालं. एवढ्या दणदणीत आवाजाचे कर्णे दुसऱ्या कुणाकडे नव्हते, म्हणून लोक बोलावत राहिले, पण अटीवर: मामाने मांडी घालून बसायचं. दोन्ही पाय स्टुलावर, सगळ्यांना दिसतील असे.

पुढच्याच सभेला हेडमास्तर पुन्हा अध्यक्ष. पुन्हा आदिमानव. ऊन कलायला आलं तरी माणूस अजून गुहेतच होता. पोरं रडायला लागली. मागून एक म्हातारा पुढे सरकत आला आणि मामाच्या कानाशी लागला.

"मामा, पाया पडतो. जरा पाय खाली सोडा की."

मामाने समोर बसलेल्या मामीकडे पाहिलं. तिने जांभई दाबली आणि मान हलवली. नाही म्हणजे नाही. बोलू देत.

हेडमास्तर गुहेतून बाहेर पडले. मामाच्या पायांना मुंग्या आल्या होत्या. तो मांडी घट्ट धरून बसून राहिला.