सात रंगांची कांडी

माझी धाकटी बहीण नऊ वर्षांची झाली तरी बोलत नव्हती. कुणी हात लावला की किंचाळायची. सत्तरच्या दशकातल्या सोलापुरात आमच्या गल्लीला तिच्यासाठी एकच शब्द ठाऊक होता, वेडी. स्वमग्न हा शब्द मी फार पुढे ऐकला. अव्वा, म्हणजे आमची आई, एवढंच म्हणायची, "तिला कळतं सगळं. बोलत न्हाय, एवढंच."

तेव्हा माझ्यासाठी स्थळं बघत होते. पाहुणे यायच्या आत मामा धाकटीला सांगोल्याला नेणार, असं ठरत होतं. "तितं शेरडंमेंढरं हायत, रमंल की," मामा म्हणाला. अव्वाने माझ्याकडे पाहिलं. मी होकाराची मान हलवली. खोटं कशाला बोलू, मला सुटल्यासारखं वाटलं होतं.

शेजारी तेलुगू विणकरांचं घर होतं. त्यांचा हातमाग सुरू झाला की धाकटीचं किंचाळणं थांबायचं. तिथल्या मावशीने तिला चरख्यापाशी बसवून कांड्या भरायला शिकवलं. कांडी म्हणजे मागावर आडव्या धावणाऱ्या धोट्यात बसणारी सुताची नळी. एका कांडीवर एकच रंग, हा नियम शेंबड्या पोरालाही माहीत. एक दिवस बघते तर आमच्या धाकट्या बाईसाहेबांनी उरल्यासुरल्या सुताचे सात रंग एकाच कांडीवर चढवलेले! मला आधीच सगळ्याची लाज, त्यात ही नासाडी. मी ओरडले आणि कांडी हिसकावून सूत उलगडायला लागले. ती भिंतीवर डोकं आपटायला लागली.

मावशी धावत आली. "कशाला उलगडतीस ग? चूक हाय का न्हाय, मागाला ठरवू दे की."

चादर संपत आली होती. मावशीने उलगडलेलं सूत परत गुंडाळून ती कांडी धोट्यात घातली आणि शेवटच्या वीतभर ताण्यावर, म्हणजे उभ्या धाग्यांवर, तो धोटा फेकला. कांडीवर शेवटी चढलेला रंग आधी सुटतो. जांभळा आला, मग हिरवा, मग लाल. प्रत्येक रंगाची बोटभर पट्टी. धाकटी मागाला नाक लावून बसली होती. तिने सर्वांत आधी गुंडाळलेला पिवळा शेवटी आला, तेव्हा ती हसली. मग तिने माझं बोट धरलं, आपणहून, आणि एकेका पट्टीवर टेकवत नेलं. जन्मात पहिल्यांदा. मला रडू आवरेना.

रविवारी मामा आला. तिचं गाठोडं दारात होतं. अव्वा माझ्याकडे बघत राहिली.

"तिला न्यायचं न्हाय," मी म्हणाले.

"आणि पावणे?" मामाने विचारलं.

"आले तर येतील."

पाहुणे आले, धाकटीला बघून चहा न घेताच उठले. मी मोठ्या तोंडाने बोलले होते खरी, पण दोन दिवस मागाकडे फिरकले नाही. मनात तिचा रागही आला. तिसऱ्या दिवशी तिने मला ओढत मागापाशी नेलं. आज नव्या चादरीवर तिच्या कांडीची नवी पट्टी होती, निळ्यापासून सुरू झालेली.

"आता कुठला रंग येणार ग?" मी घुश्शातच विचारलं.

माझं बोट धरून, जिथे अजून काहीच विणलं नव्हतं त्या कोऱ्या ताण्यावर तिने ते ठेवलं, आणि धोटा येईपर्यंत सोडलं नाही.